शुक्रवार, तारीख एक

कादंबरी संपल्यावर तिच्या शेपटाला जोडलेली परिशिष्टे वाचत बसणारा मनुष्य आणि पंगत उठल्यावर मुदपाकखान्यात शिरून आचाऱ्याला मसाल्याचे प्रमाण विचारणारा मनुष्य हे दोघे एकाच कुळीचे होत, आणि दोघांकडेही घरची मंडळी सारख्याच करुणेने पाहतात. मी याच कुळीतला आहे, ही गोष्ट माझ्या नातीमुळे सत्तराव्या वर्षी निर्विवादपणे सिद्ध झाली. टोल्किन नामक इंग्रज प्राध्यापकाच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या बृहत्कथेचे तीन जाडजूड खंड तिने माझ्या स्वाधीन केले, वाचनासाठी एक महिन्याची मुदत दिली, आणि मुदत संपताच पारायण कोठवर आले याची चौकशी करण्यासाठी ती आली, तेव्हा मी तिसऱ्या खंडाच्या अखेरच्या पानांत हातात पेन्सिल घेऊन बसलो होतो.

“आजोबा! म्हणजे सगळं वाचून झालं?”

“छे. सुरुवात केली आहे. पंचांगापासून.”

तिचा चेहरा जो पडला तो पाहून मला वाईट वाटले. परंतु एका सरकारी कचेरीत चौतीस वर्षे आवक-जावक नोंदवही सांभाळलेल्या मनुष्याकडून दुसरे काय अपेक्षावे? कोणताही कागद हाती आला की मजकुराच्या आधी दिनांक पाहायचा, मजकुरात थोडेफार असत्य असले तरी सरकार ते चालवून घेते परंतु दिनांकातील असत्य अंगाशी येते, ही आमच्या टेबलाची शिकवण होती. ज्या ग्रंथात अंगठ्या, राक्षस, जादूगार आणि चालणारी झाडे आहेत त्यातील मजकुराच्या खरेपणाविषयी मी काहीच हमी देऊ शकत नव्हतो. दिनांक मात्र तपासता येत होते. ते मी तपासले, आणि सांगावयास संकोच वाटतो, पण इतकी चोख नोंदवही मी आमच्या कचेरीत कधी पाहिली नव्हती.

टोल्किन हे ऑक्सफर्डला प्राचीन इंग्रजी भाषेचे प्राध्यापक होते, आणि प्राध्यापकाने कथा लिहावयास घेतली म्हणजे तळटीपांचे काय करायचे हा जो प्रश्न पडतो तो त्यांनी परिशिष्टे लिहून सोडवला. पहिला खंड १९५४ च्या जुलैत निघाला, दुसरा त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात. आणि दुसऱ्या खंडाच्या शेवटच्या पानावर बिचारा नायक शत्रूच्या बंदीत सापडलेला असताना वाचकांना पुढल्या खंडासाठी १९५५ च्या ऑक्टोबरपर्यंत तिष्ठत बसावे लागले. या दिरंगाईचे एक प्रमुख कारण ही परिशिष्टेच होती. वंशावळ्या, लिप्या, भाषांतराच्या अडचणी, आणि पंचांग! नायक अंधारकोठडीत आहे आणि लेखक लीप वर्षाचा हिशेब जुळवीत बसला आहे, हे चित्र डोळ्यांपुढे आले मात्र, आणि या गृहस्थाविषयी मला एकदम आपलेपणा वाटू लागला.

हे पंचांग ज्यांचे, ते हॉबिट लोक म्हणजे मनुष्याच्या निम्म्या उंचीची, केसाळ पायांची, मिळाले तर दिवसातून सहा वेळा जेवणारी, वंशावळ्यांत रमणारी आणि आधीच ठाऊक असलेल्या गोष्टी पुन्हा एकदा सुवाच्य अक्षरांत लिहिलेल्या पाहून संतोष पावणारी जमात. शायर नावाच्या आपल्या मुलखाबाहेर ते सहसा पडत नाहीत. त्यांचा शक, ज्याला शायर-गणना म्हणतात, मार्को आणि ब्लँको या दोघा बंधूंनी ब्रँडीवाइन नदी ओलांडून त्या मुलखात वसाहत केली त्या वर्षापासून सुरू होतो. म्हणजे बाहेरच्या जगाच्या तिसऱ्या युगाचे १६०१ वे वर्ष ते यांचे पहिले. नदी ओलांडल्यावरच काळ सुरू झाला, अलीकडे काय चालले होते त्याच्याशी आम्हास कर्तव्य नाही, ही भूमिका नदीपलीकडच्या पेठेत बिऱ्हाड केलेल्या पुणेकरास समजावून सांगण्याची गरज नाही.

वर्षाची रचना अशी. बारा महिने, प्रत्येकी बरोबर तीस दिवसांचे. एकतीसची भानगड नाही की अठ्ठावीसची दया नाही. झाले तीनशे साठ. उरलेले पाच दिवस कोणत्याही महिन्याच्या दप्तरात जमा न करता त्यांनी मोकळे ठेवले आहेत: दोन ‘यूल’चे, पैकी एक वर्षाच्या अखेरचा आणि दुसरा नव्या वर्षाचा पहिला, आणि तीन ऐन उन्हाळ्यात, ‘लाइथ’चे, ज्यांच्या मधोमध ‘मध्यवर्षदिन’ येतो. दर चौथ्या वर्षी, शतकाचे शेवटचे वर्ष सोडून, मध्यवर्षदिनानंतर ‘ओव्हरलाइथ’ नावाचा आणखी एक दिवस घालतात, आणि त्या दिवशी विशेष खाणेपिणे होते. (या लोकांच्या बाबतीत ‘विशेष’ या शब्दाचा अर्थ काय, याची कल्पना करवत नाही.) मुलखाच्या नगराध्यक्षाची निवडणूकही दर सात वर्षांनी याच लाइथच्या जत्रेत उरकून घेतात, सगळे जमलेलेच असतात, पोटे भरलेली असतात आणि महिन्याच्या कामाचा खोळंबा होत नाही.

येथवर सारे सुबोध आहे. परंतु हॉबिटांच्या बुद्धीचा, किंवा आळसाचा, खरा विलास पुढेच आहे. तीनशे पासष्टला सातांनी भागले तर बावन्न आठवडे भरून एक दिवस शिल्लक राहतो, आणि या एका उनाड दिवसापायी दरवर्षी प्रत्येक तारखेचा वार एकाने पुढे सरकतो, ही गोष्ट जगातील झाडून साऱ्या लोकांनी प्रारब्ध म्हणून सोसली. हॉबिटांना ती सोसवेना. दुसरा आयझेनग्रिम हा त्यांचा थेन, म्हणजे आपल्याकडच्या वतनदार देशमुखासारखा वंशपरंपरेचा मुखिया, गादीवर असताना त्यांनी ठराव केला की मध्यवर्षदिनाला, आणि असल्यास ओव्हरलाइथला, वारच असू नये. आदल्या दिवशी शुक्रवार, दुसऱ्या दिवशी शनिवार, आणि मधला दिवस बेवारस! बेवारस हा शब्द इतक्या यथार्थपणे वापरण्याची संधी मला आयुष्यात दुसऱ्यांदा मिळणार नाही. या एका ठरावाने वर्ष कायमचे शनिवारी सुरू होऊन कायमचे शुक्रवारी संपू लागले, प्रत्येक तारखेला जन्माचा एक वार चिकटला, आणि ही मंडळी इतकी निर्धास्त झाली की पत्रांत व रोजनिशीत वार लिहिणेच त्यांनी सोडून दिले. टोल्किन सांगतात की ही पद्धत घरी फार सोयीची पडे, मात्र ब्री गावापलीकडे प्रवास करणाऱ्यास ती तितकीशी सोयीची नसे. हे शेवटचे वाक्य मी पेन्सिलीने अधोरेखित केले.

कारण या सोयीची किंमत काय, याचा हिशेब कोणीतरी मांडला पाहिजे. कथेतील ज्येष्ठ हॉबिट बिल्बो याचा जन्मदिवस २२ सप्टेंबर. वर दिलेल्या नियमांनी मोजले तर सप्टेंबरच्या जागी येणारा त्यांचा महिना गुरुवारी सुरू होतो, आणि म्हणून बावीस तारीखही गुरुवारीच पडते. आणि कथेच्या पहिल्या प्रकरणात त्याच्या एकशे अकराव्या वाढदिवसाची जंगी मेजवानी पाहावी तर खरोखरच गुरुवारी! लेखकाने परिशिष्टातला हिशेब कथेत पाळला याचा मला आनंद झाला. परंतु तत्क्षणी मनात आले की हा बिल्बो जर आमच्या आळीत दत्तभक्तांच्या घरी जन्मास आला असता तर? एकशे अकरा वाढदिवस आणि एकशे अकराच्या एकशे अकरा साबुदाण्याच्या खिचडीवर! आपल्याकडे एखाद्या वर्षी वाढदिवस नेमका उपवासाच्या वारी आला म्हणजे मनुष्य पुढील वर्षाकडे डोळे लावून बसतो. रविवार येईल, मटण शिजेल, या आशेवर सहा वर्षे काढतो. हॉबिटास ती आशा नाही. सोमवारी जन्मला तो जन्मभर सोमवारचाच, आणि वाढदिवसाला दाढी-हजामत करावी म्हणून गेला तर न्हाव्याचे दुकान जन्मभर बंद.

आणि जो मध्यवर्षदिनी जन्मला त्याचे काय? त्याला वारच नाही. त्याची पत्रिका मांडणाऱ्या जोशीबुवांचा हात तेथेच थांबेल. त्या दिवशी शंकराला बेल वाहावा, मारुतीला तेल घालावे, की दत्ताला पेढे न्यावेत? नखे काढलेली चालतात की नाही? मंगळवारचा उपवास करणाऱ्या स्त्रीचा हा दिवस जेवणाचा समजायचा की निराहाराचा, हा प्रश्न आमच्या घरी मी रात्रीच्या जेवणाच्या वेळी सहज म्हणून काढला, तर आमच्या वहिनींनी भाकरी थापता थापता एका वाक्यात निकाल दिला की ज्या दिवसाला वार नाही त्या दिवशी स्वयंपाकही नाही. हॉबिटांना हे कळले असते तर ठराव नापास झाला असता.

कचेरीच्या दृष्टीने पाहता तर हे पंचांग केवळ अनर्थकारी आहे. जानेवारीत नवे कॅलेंडर आले की कारकून मंडळी प्रथम काय पाहतात? कोणती सुटी रविवारात बुडाली आणि कोणती शनिवारला लागून आली. वर्षभराची सारी उमेद या पाहणीवर अवलंबून असते. मी आमच्या सुट्या हॉबिटांच्या महिन्यांवर बसवून पाहिल्या. महाराष्ट्रदिन कायमचा सोमवारी येतो, त्याबद्दल आयझेनग्रिमसाहेबांचे आभार, स्वातंत्र्यदिन कायमचा मंगळवारी आणि प्रजासत्ताकदिन गुरुवारी, म्हणजे मधला एक दिवस किरकोळ रजा टाकण्याजोगा, परंतु गांधीजयंती! ती कायमची रविवारी. यावच्चंद्रदिवाकरौ एक सुटी बुडीत खाती गेली. असा ठराव आमच्याकडे येता तर कर्मचारी संघटनेने लेखणीबंद करून तो चोवीस तासांत मागे घ्यावयास लावला असता, आणि मीही सही केली असती.

मग कॅलेंडरवाल्यांनी काय करावे, हाही विचार आहे. एकदा घेतलेले कॅलेंडर नातवंडांपर्यंत पुरणार म्हटल्यावर ते छापणार कोण? आणि दर वर्षी नवे कॅलेंडर भिंतीवर आले नाही तर दूधवाल्याचे खाडे कोणत्या चौकोनात लिहायचे, गॅसचा सिलिंडर लावल्याची फुली कोठे मारायची, मोलकरणीच्या दांड्या कोठे नोंदवायच्या? आमच्या घरचा गेल्या तीस वर्षांचा खरा इतिहास जुन्या कॅलेंडरांच्या मागल्या गठ्ठ्यात आहे. त्याच्यावरून संशोधकास आम्ही कोणत्या महिन्यात पाहुण्यांनी हैराण झालो होतो तेसुद्धा अर्ध्या लिटरच्या अचूकतेने सांगता येईल.

आता कोणी म्हणेल की ही सारी कल्पित लोकांची कल्पित कटकट आहे. चार हात उंचीच्या शहाण्या माणसांना असले काही सुचायचे नाही. परंतु तेच तर गमतीचे आहे. बेवार दिवसाची हीच युक्ती एलिझाबेथ आखेलिस नावाच्या अमेरिकन बाईंनी १९३० साली ‘जागतिक कॅलेंडर’ म्हणून जगापुढे मांडली होती. डिसेंबरच्या तीस तारखेनंतर एक ‘विश्वदिन’, त्याला वार नाही. चारही तिमाह्या सारख्या. तारखेचे व वाराचे कायमचे लग्न. आणि १९५३ साली हा विषय संयुक्त राष्ट्रसंघाच्या आर्थिक व सामाजिक परिषदेपुढे घ्यावा अशी विनंती कोणी केली? भारत सरकारने! होय, ज्या देशात पंचांगे शेजारच्या आळीशी जुळत नाहीत, त्या देशाने साऱ्या जगाला एक पंचांग देण्याचा विडा उचलला, आणि त्यासाठी डॉ. मेघनाद साहा यांच्यासारखा जगन्मान्य पदार्थवैज्ञानिक १९५४ साली जिनिव्हास जाऊन बाजू मांडून आला. हरकती आल्या त्या मुख्यतः धर्मनिष्ठ मंडळींच्या: सातवा दिवस विश्रांतीचा, ही साखळी हजारो वर्षे अखंड चालत आलेली, ती मध्येच एक दिवस न मोजता सोडला तर तुटेल, पुढला आमचा शब्बाथ किंवा रविवार हा खरा कसा मानायचा? मला या हरकतीत आमच्या वहिनींचा आवाज स्पष्ट ऐकू आला. १९५५ साली अमेरिकेने नकार कळवला, पुढल्या वर्षी विषय बासनात बांधला गेला. आणि ज्या वर्षी नकार आला त्याच वर्षाच्या ऑक्टोबरात टोल्किनांचा तिसरा खंड बाहेर पडला, ज्यात ही सुधारणा कित्येक पिढ्यांपासून सुरळीत अमलात होती. राष्ट्रसंघात जे जमले नाही ते शायरमध्ये जमले, कारण शायरमध्ये कोणाला कोठे जायचेच नव्हते.

डॉ. साहांच्या वाट्याला घरचेही काम आले होते. १९५२ साली सरकारने त्यांच्या अध्यक्षतेखाली पंचांग-सुधारणा समिती नेमली, तिच्यात ‘केसरी’चे माजी संपादक ज. स. करंदीकर आणि नागपूरचे डॉ. के. ल. दप्तरी हे आपले लोकही होते. देशात तेव्हा तीसएक निरनिराळी पंचांगे चालू होती, आणि समितीने सर्वांचा आदरपूर्वक परामर्श घेऊन एकतिसावे तयार केले. उपहास म्हणून हे मी लिहीत नाही. ते पंचांग फार चांगले आहे. चैत्र तीस दिवसांचा, लीप वर्षी एकतीसचा, पुढचे पाच महिने एकतीसचे, कारण त्या काळात सूर्याची गती मंद असते, राहिलेले तीसचे. २२ मार्च १९५७ रोजी, म्हणजे १ चैत्र शके १८७९ रोजी, ते राष्ट्रास अर्पण झाले, आणि राष्ट्राने ते देव्हाऱ्यात ठेवले. आकाशवाणीवर ‘भारतीय सौर’ म्हणून त्याचा उच्चार होतो, राजपत्राच्या माथ्यावर ते छापले जाते. आमच्या कचेरीतही काही पत्रांवर तो दिनांक येत असे. एकदा एका पत्रावर नुसताच सौर दिनांक आला, इंग्रजी तारीख नव्हती. ते पत्र आवक नोंदवहीत कोणत्या तारखेस घ्यावे यावर टिपण सादर झाले, टिपणावर शेरा पडला, शेऱ्यावर खुलासा मागवला गेला, आणि खुलासा आला तोपर्यंत पत्रातील कामाची मुदत दोन्ही पंचांगांप्रमाणे संपली होती.

हॉबिटांनाही शेजार आहे, आणि शेजार आला की पंचांगाचे तंटे आलेच. पूर्वेस ब्री नावाचे गाव आहे, तेथे मनुष्ये आणि हॉबिट मिळून राहतात; त्यांचा शक शायरपेक्षा तीनशे एक वर्षे जुना, आणि निम्म्याअधिक महिन्यांची नावे वेगळी. शायरमध्ये दहाव्या महिन्याला ‘विंटरफिल्थ’ म्हणतात. त्या नावात वर्ष भरून पुरे झाल्याचा जुना अर्थ आहे. परंतु ‘फिल्थ’ म्हणजे घाण, असा दुसरा अर्थ पकडून ब्रीकर ‘त्या चिखलट शायरातला विंटरफिल्थ’ म्हणून खिदळतात, आणि शायरकर उत्तर देतात की तुमचे ‘विंट्रिंग’ हेच मुळी मागाहून केलेले भ्रष्ट रूप आहे. शायरच्या सीमेवरून ब्री घोड्यावर दिवसभराच्या वाटेहून फारसे लांब नाही आणि महिन्याच्या नावावरून पिढीजाद कुचेष्टा! टोल्किन खरोखरच कधी कोकणात उतरले नव्हते ना, अशी मला क्षणभर शंका आली. तेथे टिळक पंचांग मानणारी घरे आणि इतर पंचांगे मानणारी घरे एकाच आगरात नांदतात, आणि एखाद्या अधिकमासाच्या वर्षी एका घरचा गणपती दुसऱ्या घरच्या गणपतीच्या महिनाभर आधीच येऊन, मोदक खाऊन, विसर्जित होऊन जातो. दुसऱ्या घरचे लोक त्याच्या आरतीला जातात, प्रसाद घेतात, आणि परतताना ‘त्यांचा अंमळ लवकर झाला’ एवढेच म्हणतात. त्या ‘अंमळ’मध्ये साऱ्या विंटरफिल्थचा अर्क असतो.

ही महिन्यांची नावे टोल्किनांनी हवेतून काढली नाहीत, हेही सांगितले पाहिजे. बीड नावाच्या इंग्रज मठवासी पंडिताने इ.स. ७२५ च्या सुमारास कालगणनेवर लॅटिन ग्रंथ लिहिला, आणि त्यात आपल्या पूर्वजांचे महिने नोंदवून ठेवले. प्राध्यापकांनी तीच नावे घासूनपुसून हॉबिटांच्या तोंडी दिली. मे महिन्यास बीडच्या वेळी ‘थ्रिमिल्की’ म्हणत, कारण त्या महिन्यात गाईंचे दूध दिवसातून तीनदा काढीत. त्याचे शायरमध्ये ‘थ्रिमिज’ झाले. फेब्रुवारी हा देवांना पोळ्या अर्पण करण्याचा महिना म्हणून बीड सांगतो. दूध आणि पोळ्या यांवरून महिने ओळखणारे लोक मला फार जवळचे वाटतात; आमच्याकडेही आषाढ तळणीवरून, श्रावण पुरणावरून आणि मार्गशीर्ष वांग्याच्या भरतावरून ओळखण्याची वहिवाट आहेच. उलट मराठेशाहीच्या कागदांत पाहावे, तर तारखेच्या जागी ‘छ’ हे एकाक्षरी चंद्रदर्शक चिन्ह, पुढे रजब किंवा जमादिलावल, आणि वर्ष सुहूर सनाचे, तेही आकड्यांत नव्हे तर इहिदे, इसन्ने, सलास अशा अरबी शब्दांत, शिवाय नवे साल सुरू होणार मृगाच्या पावसाबरोबर! ब्राह्मण फडणीस, अरबी आकडा, चांद्र महिना आणि नांगराचे वर्ष एका ओळीत सुखाने बसलेले पाहिले की शायरची सुटसुटीत पाटी फार गरीब दिसते.

याच परिशिष्टात एल्फ म्हणजे चिरंजीव गंधर्वसदृश लोक आहेत, त्यांचे पंचांग निराळे. त्यांचे ऋतू सहा! चार नव्हेत, सहा. चोपन्न दिवसांचे चार आणि बहात्तर दिवसांचे दोन, मिळून तीनशे साठ, आणि पाच दिवस सुटे. आठवडाही सहा दिवसांचा. वर्ष मात्र त्यांना क्षुल्लक वाटते. त्यांचे खरे माप ‘येन’, म्हणजे एकशे चव्वेचाळीस सौरवर्षे. मरणच नसलेल्या माणसाने एक एक वर्ष मोजत बसणे म्हणजे सावकाराने कवड्या मोजण्यासारखे आहे, हे पटते. पण या मापाने माझी नात जितकी चकित झाली तितका मी झालो नाही. आमच्याकडे साध्या सत्यनारायणाला बसलेला यजमान संकल्पाच्या वेळी ब्रह्मदेवाच्या आयुष्याच्या उत्तरार्धापासून प्रारंभ करतो, चार अब्ज बत्तीस कोटी वर्षांचा कल्प, मग मन्वंतर, मग युग असे जिने उतरत उतरत गोदावरीच्या दक्षिण तीरावर येतो, आणि संवत्सर, अयन, ऋतू, मास, पक्ष, तिथी करीत शेवटी वारापाशी थांबतो, आणि तेथे गुरुजी पळी हातात धरून हळूच विचारतात, “आज वार कोणता हो?” चौदा मन्वंतरे तोंडपाठ असलेल्या मनुष्याला वार विचारावा लागतो, आणि तो विचारला की मांडवातली चार माणसे चार उत्तरे देतात, एक पोरगे धावत जाऊन कॅलेंडर पाहून येते. हॉबिटांच्या घरी हा प्रसंग घडणे शक्य नाही. मला त्यांची कीव येते ती येथे.

वार-तारखेचे असे कायमचे जुळवून देणाऱ्या प्राध्यापकांना चंद्र मात्र पुरून उरला, ही बातमी मी खास ठेवणीत ठेवली होती. १९४४ च्या मे महिन्यात आपल्या मुलाला लिहिलेल्या पत्रात त्यांनी कबुली दिली आहे की कथेच्या ऐन मोक्याच्या दिवसांत चंद्र भलतेच करू लागला होता, एका प्रांतात तो उगवत होता आणि त्याच वेळी दुसऱ्या प्रांतात मावळत होता, आणि ते निस्तरण्यासाठी मागील प्रकरणांचे तुकडे पुन्हा लिहिण्यात अख्खी दुपार खर्ची पडली. युद्धाचे दिवस, मुलगा विमानदलात, आणि वडील काल्पनिक देशावरचा चंद्र वेळेवर आणण्याच्या खटपटीत! मी ती ओळ वाचून पुस्तक मिटले आणि थोडा वेळ खिडकीबाहेर पाहत राहिलो. आमच्या कचेरीत एक गृहस्थ होते, ते एका पैशाचा फरक सापडावा म्हणून रात्री नऊपर्यंत कंदील लावून खतावणी चाळीत बसत, आणि सापडला की हसत घरी जात.

एवढे सारे झाल्यावर नातीच्या धाकाने मी कथाही वाचली. चांगली आहे. पण पुन्हा परिशिष्टाकडेच वळलो, कारण तेथे एक म्हण सापडली होती आणि ती सोडवत नव्हती. तीस दिवसांचे महिने आणि बेवार मध्यवर्षदिन यांच्या गणिताने असे होते की हॉबिटांचा एकही महिना शुक्रवारी सुरू होत नाही. रविवार, मंगळवार, गुरुवार, शनिवार, सोमवार, बुधवार हीच फिरती पाळी. म्हणून जी गोष्ट कधी घडायचीच नाही, उदाहरणार्थ डुकरांनी उडणे किंवा झाडांनी चालणे, ती ‘शुक्रवारी, एक तारखेला’ घडेल असे ते म्हणतात. आपण अशा वेळी सूर्याला पश्चिमेस उगवावयास लावतो किंवा गाढवाला शिंगे आणतो. एवढा खगोल आणि प्राणिसृष्टी राबवण्यापेक्षा नुसता एक वार पुढे करणे किती सभ्यपणाचे!

त्याच आठवड्यात मी सदऱ्याचे कापड घेऊन आमच्या शिंप्याकडे गेलो. हा मनुष्य गेली वीस वर्षे मला ‘दोन दिवसांत देतो’ असे सांगत आला आहे, आणि मीही त्याच्यावर विश्वास ठेवल्याचे दाखवत आलो आहे. मापे घेऊन झाली. कधी मिळेल म्हणून विचारले. त्याने दातांतली टाचणी काढली, भिंतीवरच्या कॅलेंडरकडे एक दृष्टिक्षेप टाकला आणि म्हणाला, “शुक्रवारी या, काका. एक तारखेला.”

मी जो हसत सुटलो तो मला आवरेना. त्याला वाटले मी त्याचा उपमर्द करतो आहे. तो गंभीर झाला आणि आईची शपथ घेऊन तेच पुन्हा म्हणाला. मी घरी येऊन कॅलेंडर पाहिले. पुढल्या महिन्याची एक तारीख खरेच शुक्रवारी होती. आपल्याकडे ती येते, वर्षातून एकदा तरी येतेच.

त्या दिवशी संध्याकाळी मी दुकानात गेलो. सदरा तयार होता. इस्त्री केलेला, गुंड्या लावलेला, कागदात बांधलेला. पैसे देऊन बाहेर पडलो आणि घरी येताना रस्त्याच्या कडेच्या झाडांकडे जरा निरखून पाहत आलो.